पाटाला चाकं

प्रेम नगर, झाशी
१९ जून २०२५

अनुया बेटा,

जाई सुखरूप पोचली. गाडीला उशीर झाला, पण ते काही नवं नाही. स्टेशनवर मी तिला ओळखलं नाही, तिनंच मला ओळखलं. उंचीनं तुझ्याही वर गेली आहे. हनुवटीवरची टाक्यांची खूण तू सांगितली होतीस तेवढी मोठी नाही. तुझी आई म्हणाली, लांबून तीळ वाटतो, लग्नात अडचण यायची नाही. त्यावर जाईनं आजीकडे असं काही बघितलं की आई उठून चहा ठेवायला गेली.

तू म्हणशील, बाबा, फोन असताना पत्र कशाला? फोनवर तू "हूं" म्हणतेस आणि मागून कोणीतरी तुला मीटिंगला बोलावतं. पत्राला हूं म्हणता येत नाही. शिवाय माझं अक्षर चांगलं आहे, ते वाया जातं.

सामानात तो स्केटबोर्ड निघाला तर लगेच कळवा, असं तू बजावलं होतंस. तेव्हा कळवतो. बोर्ड नाही. तू तो कचऱ्याच्या गाडीत टाकलास, हे तिनं आल्या आल्या सांगितलं. रडून नाही, बातमी सांगावी तसं. पण मोज्यांच्या गुंडाळीतून चार चाकं निघाली आणि ती ज्यावर बसतात ते दोन लोखंडी आडवे तुकडे. त्यांना 'ट्रक' म्हणतात म्हणे. मी म्हटलं, ट्रक तर बबीनाच्या रस्त्यावर असतात. तू टाकायच्या आधीच तिनं हे सगळं पान्यानं काढून घेतलं होतं. तू फेकलीस ती नुसती फळी.

ही पोर खोटं बोलते, अशी तुझी तक्रार. ट्यूशनला म्हणून निघायची आणि बंगळूरच्या त्या स्केटपार्कात दिवस काढायची. दहावीचे मार्क बघून तुला कळलं. झाशीत ना पार्क ना पोरं, वर्षभरात विसरेल, म्हणून तू इकडे पाठवलीस. मी वाद घालत नाही. एवढंच सांगतो की मी "हे काय?" विचारल्यावर तिनं चाकं लपवली नाहीत. म्हणाली, "बेअरिंग आहे, नाना. फिरवून बघा." मी फिरवलं. आईची एक पोळी लाटून तव्यावर गेली तरी चाक फिरतच होतं.

आणखी एक. तुझा फोन वाजला की ती फोन उपडा ठेवते, ताटावर झाकण घालावं तसा, आणि पुढचा घास घेते. मी मध्ये पडत नाही. उकळत्या दुधात चमचा घालू नये.

आमचे जावई सलीलराव बोटीवरून कधी उतरतात?

तुझा,
बाबा


प्रेम नगर
२७ जुलै २०२५

अनुया बेटा,

आधी वाईट बातमी. तुझा पाट मोडला.

कसा, ते सांगतो. चाकं होती, फळी नव्हती. सुताराकडे गेलो तर तो म्हणाला, "बाबूजी, ऐसी लचकदार पटिया हमाए बस की नईं." मग मी माळ्यावरून तुझा पाट काढला, पितळी खिळ्यांनी तुझं नाव काढलेला. सागवानी, भक्कम. ज्यावर गणपती बसतो त्यावर पोर उभी राहिली तर काय बिघडतं, असं मला वाटलं. तुझी आई म्हणाली, "जेवणाच्या पाटाला चाकं? उद्या पोळपाटाला इंजिन लावा." तरी मी भोकं पाडली आणि आम्ही दोघं आपल्या मराठी मंडळाच्या अंगणात गेलो. किल्ली माझ्याकडेच असते. तिथली घोटीव फरशी तुला आठवत असेल. लहानपणी तू तिथे सागरगोटे खेळायचीस आणि फरशी गार लागते म्हणून आडवी व्हायचीस.

सरळ गेली तोवर पाट छान चालला. तिनं उडी मारली आणि तो मधोमध उभा चिरला. खरा बोर्ड पातळ थर चिकटवून केलेला असतो, म्हणून तो लवतो. सागवान लवत नाही. जाई खाली बसून हसायला लागली. इथे आल्यापासून पहिल्यांदा हसली, तेव्हा पाटाचं मला फारसं वाईट वाटलं नाही. तुला वाटलं तर वाटू दे.

आता बोर्ड मिळाला आहे. बबीनाच्या छावणीतल्या एका हवालदाराची मुलगी दीप्ती, शाळेत जाईच्याच वर्गात आहे. तिच्याकडे जुना एक जास्तीचा होता. रविवारी बसनं येते. मला "नानाजी" म्हणते आणि येताना भुईमुगाच्या शेंगा आणते. दोघी अंगणात असतात, मी ओट्याशेजारी खुर्ची टाकून पेपर वाचतो. पेपर कमीच वाचून होतो.

मी जे पाहिलं ते लिहितो. ह्या खेळाला मास्तर नाही. मी पेटी जशी शिकलो तसंच: एक पट्टी दाबायची, वाईट वाजली की दुसरी दाबायची. फरक इतकाच की पेटी चुकली तर शेजारी ओरडतात, हे चुकलं तर ढोपर ओरडतं. एक पडली तर दुसरी उचलायला धावत नाही. "ठीक?" विचारते. "ठीक." की संपलं. आपल्यात कोणी पडलं की चौघं धावतात, एक पाणी आणतो, एक जमिनीला लाथ मारतो आणि पडलेला लाजेनं अर्धा होतो. इथे लाजच नाही. आणि एखादीला नवीन काही साधलं तर टाळ्या वाजवत नाहीत, आपल्या बोर्डाचं टोक फरशीवर ठकठक आपटतात. माझ्याकडे बोर्ड नाही म्हणून मी चप्पल आपटतो.

एकदा मी म्हटलं, "पायांकडे बघ गं, पडशील." तर म्हणते, "नाना, पायांकडे बघितलं तरच पडते. जिथे जायचंय तिथे बघायचं. पाय येतात मागून."

अभ्यासाची काळजी करू नकोस. इथे लाइट सारखी जाते, पण देवघरातल्या मेणबत्त्या भराभर संपताहेत. पोर त्यांच्या उजेडात वाचत असणार. तुझ्या आईनं कौतुकानं नवा पुडा आणून ठेवला.

कळावे, तुझा
बाबा

मागाहून: पत्र बंद करण्याआधीच तुझा फोन आला. दीप्तीनं कुठे व्हिडिओ टाकला तो तू पाहिलास. "बाबा, तुम्हीसुद्धा!" म्हणालीस आणि ठेवलास. पुन्हा बोर्ड दिसला तर कोट्याच्या हॉस्टेलात घालीन, हेही आईकडून कळलं. पत्र तरी पाठवतो. लिहून झालं आहे.


प्रेम नगर
२४ ऑगस्ट २०२५

अनुया बेटा,

मेणबत्त्यांचं कळलं.

तुला दिवाकरराव आठवतात ना, मंडळाचे अध्यक्ष? "आमचे पणजोबा गुरसरायच्या राजांकडे" असं म्हटल्याशिवाय ज्यांचा चहा गार होत नाही ते. परवा गणपतीच्या तयारीला सगळे जमलो होतो. मखर कुठे बांधायचं हे दाखवायला दिवाकरराव ओट्यावर चढले, "इथून इथपर्यंत" म्हणत कडेपर्यंत आले, आणि आम्हाला दिसले ते थेट खाली. मनगट गेलं. प्लास्टर घातलं आहे.

धावपळ झाली. पाणी आलं, जमिनीला लाथ मारणारेही आले. दिवाकरराव विव्हळत होते, पण गप्प नव्हते. अंगण धुणारी माधुरी तिथेच बादली घेऊन उभी होती. ते तिला म्हणाले, "साबण कितना डालती हो? कल से मत आना." ती म्हणाली, "भैयाजी, आज तो साबुन डाला ही नहीं." कोणी ऐकलं नाही. मीही नाही; मी रिक्षा बघत होतो.

तेवढ्यात जाई पुढे आली. ती कोपऱ्यात तोरणाचा दोरा सोडवत बसली होती. माझ्याकडे बघितलंसुद्धा नाही. सरळ त्यांच्यासमोर उभी राहिली.

"काका, साबण नाही. मेण आहे. मैंने लगाया."

"काय?"

"मेणबत्ती. ओट्याच्या काठाला घासली. बोर्ड सरकतो त्यानं."

"बोर्ड सरकतो!" दिवाकरराव म्हणाले. "आणि मी?"

"तुम्हीपण सरकलात."

मागे कोणीतरी फिस्सकन हसलं. तुझी आई होती. जाई हसली नाही. तोरणाचा दोरा तिनं बोटांभोवती करकचून गुंडाळला होता. म्हणाली, "माधुरीदीदींना काढू नका. मला काढा. आणि काका, तुम्ही हात टेकवला ना, म्हणून मनगट गेलं. पडताना हात नाही टेकायचा. खांद्यावर गोल व्हायचं."

"ह्या वयात गोल होऊ?"

"गोल तर तुम्ही आहातच, भाऊजी," तुझी आई म्हणाली. हे तिनं हळू म्हणायला हवं होतं.

मग सगळे एकदम बोलू लागले. शेवटी ठरलं ते असं: माधुरी राहील. जाईनं मेण काढायचं. बोर्डाला अंगणात बंदी, गणपती उठेपर्यंत तरी. पुढचं पुढे.

काल दुपारभर ती गरम पाणी आणि उलथनं घेऊन काठ खरवडत होती. मेण दगडात शिरलं की लवकर निघत नाही. दीप्ती मदतीला आली तर तिला हाकललं, "मी लावलं, मी काढते." माधुरीलाही हात लावू दिला नाही. मी चहा नेला. म्हटलं, "गप्प बसली असतीस तर कोणाला कळलं नसतं." ती म्हणाली, "मला कळलं असतं ना, नाना. मग त्याच काठावर बोर्ड कसा चालवणार?" आणि पुन्हा खरवडायला लागली.

खोटं बोलते, हे तू म्हणाली होतीस, म्हणून हे सविस्तर लिहिलं. ट्यूशनचं ती खोटं बोललीच होती, ते काही पुसलं जात नाही. मी फक्त पाहिलेलं लिहितो. तोलणं तुझ्याकडे.

गणपतीला तू यावंस, असं आईला वाटतं. मलाही.

बाबा


प्रेम नगर
९ नोव्हेंबर २०२५

अनुया बेटा,

गणपतीत आली नाहीस, दिवाळीतही नाही. चिरोटे डब्यात अजून आहेत, मऊ पडलेत. आई टाकत नाही आणि मला खाऊही देत नाही.

तुझं ठरलं ते कळलं. सहामाही झाली की डिसेंबरच्या शेवटी येऊन जाईला कोट्याला नेणार. फोन स्पीकरवर होता, तिनं ऐकलं. ताट उचललं, घासलं, आणि बोर्ड घेऊन निघून गेली.

अंगणाची बंदी उठली आहे. उठवली दिवाकररावांनीच, म्हणजे त्यांच्या पद्धतीनं. ते म्हणाले, "खेळायचं असेल तर माझ्यासमोर. मी फरशीवर लक्ष ठेवणार." तेव्हापासून संध्याकाळी माझ्या खुर्चीशेजारी त्यांची खुर्ची असते. फरशीवर त्यांचं लक्ष मला काही दिसत नाही. परवा जाई पडली तर हेच ओरडले, "हात टेकवू नको!" प्लास्टर आता निघालं आहे. मनगट अजून कुरकुरतं आणि त्याबद्दल ते रोज सांगतात.

ती आता एकच गोष्ट करते आहे. ओट्यावरून वेगानं यायचं, काठाशी बोर्डासकट उडायचं, पायऱ्या ओलांडून खाली फरशीवर उतरायचं आणि पुढे जायचं. बस्स. रोज तेच. रोज पडते. पडण्यातही फरक असतो, हे मला इतक्या दिवसांत कळायला लागलं आहे. ज्या दिवशी काठाशी येऊन तिचं मन कचरतं, एक पाय आधीच जमिनीकडे निघतो, त्या दिवशी लागतं. मन घट्ट असलं तर पडूनही फारसं लागत नाही, घरंगळते आणि उठते. कडेवरच्या हंड्यासारखं आहे. बिचकलीस तर हिंदकळतो, निघालीस तर निघालीस.

मी विचारलं, "हे साधून मिळणार काय?"

"काही नाही."

"मग?"

"मग काही नाही, नाना. जायच्या आधी करायचंय."

दिवाकरराव म्हणाले, "बक्षीस नाही, प्रमाणपत्र नाही, मग मूर्खपणा कशाला?" ती म्हणाली, "काका, तुम्ही रोज बघायला येता, तुम्हाला काय मिळतं?" ते म्हणाले, "फरशी." आणि चहा मागवला.

मी पेटी शिकलो तेव्हा मलाही कोणी हे विचारलं असतं तर सांगता आलं नसतं. अजून माझा कोमल ऋषभ कच्चाच आहे. तरी सकाळी भाता ओढला की बरं वाटतं.

तिला नेण्यापासून मी तुला अडवणार नाही. आई तू आहेस. पण त्या दिवशी मी तिला एक सुचवलं, आणि तिनं जे सांगितलं ते तुला न कळवणं बरं नाही. म्हटलं, "आईशी एकदा बोल, समजाव." त्यावर ती म्हणाली, "काय समजावू? आईनं मला फक्त हॉस्पिटलमध्ये बघितलंय, नाना. टाके घालताना. बोर्डावर कधीच नाही. एकदापण नाही."

मी म्हटलं, व्हिडिओ तर बघितला ना. "तो दीप्तीचा होता," ती म्हणाली. "मागे मी नुसती उभी होते."

हे मलाही माहीत नव्हतं.

बाबा


प्रेम नगर
१४ डिसेंबर २०२५

अनुया बेटा,

आज साधलं.

थंडी चांगली पडली आहे. सकाळी ऊन अंगणात उतरल्यावर गेलो. दीप्ती आली नव्हती, त्यांच्याकडे पाहुणे आहेत. मी, दिवाकरराव मफलर गुंडाळून, आणि माधुरी झाडू घेऊन एका कडेला. जाईनं आपला फोन माझ्या हातात दिला. म्हणाली, "नाना, हे लाल बटण दाबायचं. मग धरून ठेवायचं, हलवायचं नाही." मी म्हटलं, मी घड्याळं उघडून, दुरुस्त करून पुन्हा बंद केली आहेत, बटण काय दाबता येत नाही?

पहिल्यांदा ती पडली. उठली, फरशीवर वाकून काहीतरी शोधलं, बारीकसा खडा निघाला, तो फेकला. दुसऱ्यांदा काठाशी येऊन थांबली. दिवाकरराव म्हणाले, "पायांकडे बघू नको, पायांकडे बघू नको," अगदी मास्तर असल्यासारखे. मग ती लांब मागे गेली, पार गणपतीत मखर बांधतात त्या खांबापर्यंत.

पुढचं मी डोळ्यांनी पाहिलं आहे आणि तेवढंच पुरे. उडाली. बोर्ड पायांखालीच होता. उतरली. गुडघे वाकले, वाटलं गेली, आणि नाही गेली. तशीच सरळ फाटकापर्यंत गेली आणि तिथे पाठ करून उभी राहिली. बराच वेळ वळली नाही.

मी चप्पल आपटली. दिवाकररावांनी काठी आपटली. माधुरीनं झाडूचा दांडा आपटला, "वाह बिटिया!" म्हणून.

मग ती आली आणि फोन घेतला. बघते तर त्यात मी. लाल बटण मी बरोबर दाबलं होतं, पण फोन माझ्याकडे तोंड करून बघत होता. पूर्ण वेळ माझं तोंड, मिशा, आणि वर मागे निंबाची फांदी. तिची एक बोटभरही सावली नाही. मला इतकं ओशाळल्यासारखं झालं म्हणून सांगू! महिनोन्‌महिने पडलेली पोर, आणि त्याचं हे झालं. म्हटलं, "बेटा, पुन्हा करतेस का? ह्या वेळी नीट धरीन."

ती पायरीवर बसली आणि ते पहिल्यापासून बघितलं. मग पुन्हा बघितलं. मी शेजारी बसून बघितलं. आधी चाकांचा आवाज येतो, फरशीवरून लांबून जवळ येणारा. मग काठाशी एक ठक्क. मग काहीच नाही. त्या काहीच नाहीमध्ये माझं तोंड उघडतं, डोळे वर जातात, आणि मी श्वास घ्यायचा विसरतो, ते स्पष्ट दिसतं. मग धप्प, आणि चाकं पुन्हा चालायला लागतात, लांब लांब जातात. शेवटी म्हातारा नाक ओढतो आणि चित्र हलतं, कारण मी चप्पल काढायला वाकलो.

"पुसून टाक," मी म्हटलं.

"नाही," ती म्हणाली. "हाच आईला पाठवणार."

"यात तू कुठे आहेस?"

"नाही ना. म्हणून."

पण लगेच पाठवायला तयार नाही. म्हणते, आईला कळणार नाही, नानांचं तोंड का पाठवलंस म्हणेल. आधी तुम्ही पत्र लिहा. म्हणून लिहितो आहे. उद्या स्पीड पोस्टनं टाकतो. पावतीवरचा नंबर ती घेणार आहे. पत्र तुझ्या हातात पडलं की इकडे तिला कळेल, आणि मग ती पाठवील. तेव्हा आता कधीही तुझा फोन वाजेल, दचकू नकोस.

कोट्याचं ती म्हणते, "आईला सांगा, येऊन बघ म्हणावं. मग म्हणेल तिथे जाईन." हे तिचे शब्द, माझे नाहीत. त्यात मी मीठ घातलेलं नाही.

माझं सांगायचं झालं तर, पोर पडेल. मन लावून पडेल. हनुवटी पुन्हा फुटेल की नाही हे ना तुझ्या हाती ना माझ्या. पण तिला उडताना बघायचं असेल तर त्या व्हिडिओतून बघता येणार नाही. त्यात फक्त तुझ्या बापाचं तोंड आहे. बाकीचं बघायला इथे यावं लागेल.

तुझा पाट मी खालून पट्टी ठोकून सांधला आहे. चाकांची भोकं राहिली. बसलं की जरा डुगडुगतो, पण जेवता येतं.

व्हिडिओ आला की मला फोन करू नकोस. तिला कर. उचलेलच असं मी सांगू शकत नाही. मात्र हे लिहितो आहे तेव्हा तिचा फोन माझ्यासमोर जाजमावर आहे, आणि आज तो उताणा आहे.

तुझा,
बाबा